घोडनवरीचा पाहुणा

मी माझ्या सख्ख्या, सदतिशी गाठलेल्या, बिनलग्नाच्या आत्याला सगळे जेवायला बसलेले असताना विचारलं, "आत्या, आमच्या नाटकात घोडनवरीचं काम करशील का?" आणि ती काही बोलायच्या आत, तिला धीर यावा म्हणून, वर हेही म्हणालो, "तुला काही वेगळी तयारी करावी लागणार नाही."

त्या दिवशी वालाचं बिरडं होतं. आईच्या हातातली पळी अण्णांच्या ताटावर आली होती ती तिथेच थांबली, आणि तिच्या टोकाला आलेला एक वाल पडू की नको अशा विचारात पडला. अण्णा, म्हणजे माझे वडील, जेवताना मध्येच पाणी पिऊ देत नसत. त्यांनी स्वतः अख्खं फुलपात्र घटाघटा रिकामं केलं. मी मात्र आणखी बिरडं मागितलं. मला खरोखरच काही कळलं नव्हतं. आज पासष्टी ओलांडल्यावर हा प्रसंग सांगतो तेव्हा लोकांना वाटतं मी पदरचं घालून सांगतोय. इतका बावळट मुलगा कॉलेजात पोचला कसा? याचं उत्तर माझ्याकडे नाही, आणि त्या कॉलेजाकडेही नसावं.

मला म्हणायचं होतं ते वेगळंच. बेबीआत्या टेलिफोन एक्स्चेंजात ऑपरेटर होती. तेव्हा पनवेलहून पुण्याला बोलायचं तर ट्रंक कॉल लावावा लागे, आणि तो लागला की दोन्हीकडची माणसं मधला घाट ओलांडायचा असल्यासारखी ओरडत. दिवसभर त्यांच्यात राहून आत्याचा आवाजही तसाच झाला होता. ती न्हाणीघरातून टॉवेल मागायची आणि तो समोरच्या घरातून यायचा. शिवाय पाठांतर. गावातले सगळे नंबर तिला तोंडपाठ, आणि कोण कुणाला किती वेळा फोन करतो तेही, पण ते मात्र ती मरेपर्यंत कुणाला सांगणार नाही. अजूनही सांगत नाही; मी विचारून बघितलंय. तिची एक सवय होती, बोलणं संपलं की "ठेवते" म्हणायची. फोनवर नव्हे, घरात, समोरासमोर. आईशी भाजीत गूळ किती यावरून वाद झाला आणि मुद्दा पटत नाही असं दिसलं, की "बरं वहिनी, ठेवते" म्हणून उठायची, आणि आई रिकाम्या पाटाकडे बघत बसायची. अशा बाईला नाटकाची वेगळी तयारी कशाला, असं माझं साधं, सरळ, गाढवाचं गणित होतं.

तिचं खरं नाव विजया. पण घरातल्या शेंडेफळाला बेबी म्हणायचं आणि ते नाव लग्नात बदलायचं, अशी रीत. लग्न झालं नाही म्हणून नाव बदललं नाही, आणि पहाटेच्या ड्यूटीला छत्री खांद्यावर टाकून ताडताड चालत जाणारी, चष्मा लावणारी, आयुर्विम्याच्या एजंटला दारातूनच परत पाठवणारी बाई बेबी राहिली. दुधाच्या पातेल्याची खरवड तिची, हा हक्क लहानपणापासून तिचाच. मी जन्मल्यावर तो माझ्याकडे यायला हवा होता, पण तिनं सोडला नाही. लग्नाकार्यात आहेर निघाला की लग्न झालेल्या बायकांना साडी, मुलींना परकराचं कापड, आणि आत्याजवळ आलं की देणाऱ्या बाईचा हात जरा घुटमळायचा. मग तिला ब्लाउजपीस मिळायचा. साडीविना ब्लाउजपीस. असे इतके साठले की आईनं त्यांच्या दळणाच्या पिशव्या शिवल्या. रेशमी काठाच्या पिशवीतून गिरणीला ज्वारी नेणारं पनवेलमधलं आमचं एकच घर असेल.

आता त्या शब्दाविषयी. तो आता जवळजवळ मेलाय. माझी पुतणी, वय बत्तीस, बंगळुरात नोकरी, लग्नाचा विषय निघाला की व्हिडिओ कॉलचं नेटवर्क जाणारी, परवा मला म्हणाली, "काका, घोडनवरी म्हणजे घोड्यावर बसून येणारी नवरी का? भारी आहे की!" मी हो म्हणून टाकलं. म्हातारपणी का होईना, शब्दाला बरे दिवस यावेत. आमच्या वेळी तो घोड्यावर बसून येत नसे, लाथा झाडत येई. लग्नाचं वय उलटून गेलेली थोराड नवरी, एवढाच त्याचा अर्थ. पण अर्थ राहतो कोशात. शब्द राहायचा स्वयंपाकघरात, आणि तिथे त्याची अख्खी भावकी नांदत होती. आधी मुलगी "उपवर". मग "यंदा कर्तव्य आहे". मग "अजून योग आला नाही". मग "नोकरी करते ना, तिला काय घाई". आणि मग एकदम "राहिली". म्हणजे गाडी सुटली आणि बोचकं फलाटावर राहिलं, तशी. पुढे तिचं जमलंच, तर मांडवात मागच्या रांगेतून आवाज यायचा, "अगंबाई, घोडनवरीच की!" म्हणजे बघा, घोडनवरी व्हायला आधी नवरी व्हावं लागतं. राहिली तर "राहिली", आणि जमलं तर हे. सुटका कुठेच नाही. पुरुषांसाठी असला शब्द आमच्या घरात तरी मी ऐकला नाही. उशिरापर्यंत लग्न न केलेला पुरुष "जबाबदार" असायचा.

एवढं सगळं त्या वयात मला ठाऊक होतं असं समजू नका. मला फक्त एवढं ठाऊक होतं की हा शब्द म्हटला की लोक हसतात. म्हणून आळीच्या गणपतीसाठी मी जे विनोदी नाटक लिहिलं त्याचं नाव 'घोडनवरी' ठेवलं. त्यात दात पडलेली, तिरळी, लग्नासाठी हपापलेली एक बाई होती आणि तिच्या गळ्यात पडणारा एक म्हातारा नवरा होता. ही बाई लिहिताना आमच्या घरातली आत्या माझ्या डोळ्यांसमोर एकदाही आली नाही, यावर कुणाचा विश्वास बसत नाही, पण खरं आहे. आत्या म्हणजे आत्या. ती बाई, लग्न न झालेली बाई, हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. आपल्या घराला कौलं आहेत हे जसं कौल गळेपर्यंत लक्षात येत नाही, तसं.

नाटक बसवणार होते मोझेसकाका. हे आमच्या समोरच राहायचे, ज्यांच्या घरातून टॉवेल यायचा ते. त्यांचं घराणं कोकणातलं, मराठी ज्यू, भाषा आमच्याहून शुद्ध. शनिवारी ते कशालाही हात लावत नसत म्हणून तालमी शनिवार सोडून. आळीच्या गणपतीचं नाटक वर्षानुवर्षं तेच बसवायचे आणि त्यात कुणाला काही विशेष वाटत नसे. त्यांचे भाऊ, बहिणी सगळे इस्रायलला निघून गेले होते. काका म्हणायचे, "तिथे कोण मला गणपतीत नाटक बसवायला देणार?" तर काकांसमोर अडचण अशी होती की दरवर्षी बाईचं काम करणाऱ्या वसंताला यंदा मिशी फुटली होती आणि तो ती काढायला तयार नव्हता. मग आम्ही आळीतल्या मुली मागायला घरोघर गेलो. नाटकाचं नाव ऐकलं की आया दार लोटून घ्यायच्या. "आमच्या मुलीला उद्या हेच नाव चिकटलं म्हणजे? स्थळं यायची बंद होतील!" चार दारं अशी तोंडावर बंद झाल्यावर मी घरी येऊन जेवायला बसलो आणि ते वाक्य बोललो.

पळी अजून हवेत होती. आत्यानं माझ्याकडे बघितलं. ती रागावली असती तर बरं झालं असतं, असं मला आता वाटतं. तिनं घास संपवला आणि विचारलं,

"संवाद कुणाला जास्त आहेत?"

"तुलाच. म्हणजे घोडनवरीला."

"मग करते. ठेवते." आणि ताट घेऊन उठली.

तालमी मोझेसकाकांच्या पडवीत व्हायच्या. नवरा होता बाळाराम, रोडपालीहून कॉलेजला येणारा माझा दोस्त, सहा फुटी, आवाज खणखणीत, बोली आगरी, 'ड'चा 'र' करणारी. त्याला पांढरी दाढी लावून म्हातारा करायचा होता. पहिल्याच दिवशी आत्यानं वही मांडीवर घेतली, चष्मा वर सरकवला आणि मला म्हणाली, "अरुण्या, ही बाई दिवसभर करते काय?"

"लग्नाची वाट बघते."

"दिवसभर?"

"हो."

"मध्ये भूक लागत नाही हिला? दळण नाही, पाणी भरणं नाही? खिडकीत उभी राहून नुसती वाट?"

"विनोदी आहे आत्या ते."

"अरे, वाट बघायला वेळ लागतो. एवढा वेळ असतो कुठे बाईमाणसाला?"

मोझेसकाका इतके हसले की त्यांना वाजवत असलेली पेटी बंद करावी लागली. बाळाराम म्हणाला, "आत्या बराबर बोलतं हाय. माजी मोठी भन लग्नाची हाय. ती सकालपासून मिठागरावं आसतं, वाट कवा बगनार?" लेखक म्हणून माझी किंमत त्या दिवशी पडवीत ठरली ती पुढे कधी फारशी वर गेली नाही. आत्यानं एकेक करून नाटकातले दात परत बसवले, तिरळेपणा काढला. "घोडनवरी" हा शब्द मात्र तिनं ठेवला. काकांनी विचारलं तर म्हणाली, "असू दे. कुजबुजत म्हणतात, एकदा माइकवरून होऊन जाऊ दे."

आणि अशात स्थळ आलं.

गेली सहा-सात वर्षं एकही आलं नव्हतं. त्याआधी जे यायचे त्यांच्यासाठी आत्या पोहे करायची, ट्रे घेऊन बाहेर यायची, आणि माणसं तिच्याकडे भाजीवाल्याकडच्या दुधीकडे बघावं तशी बघायची. नख लावायचंच काय ते बाकी ठेवायची. तिशीला आत्यानं जाहीर केलं की या घरात कुणी बघायला आलं तर पोहे मी करणार नाही, आणि पोहे बंद झाले तशी माणसंही बंद झाली. आता आईच्या रसायनीच्या मैत्रिणीनं हे सुचवलं होतं. मोघे नावाचे गृहस्थ, पंचेचाळिशीचे, तिथल्या एका कारखान्यात पाळीनं काम करणारे. दोन बहिणींची लग्नं करता करता त्यांचं स्वतःचं मागे पडलं. म्हणजे अर्थातच, जबाबदार. त्यांची फक्त एक संध्याकाळ मोकळी होती, आणि ती नेमकी आमच्या नाटकाची.

आईनं मला मोरीत गाठलं. "ते तुझं घोड्याचं नाटक त्या दिवशी नको."

"पण आई, बोर्ड लागलाय."

"बोर्ड काढ! इतक्या वर्षांनी देवानं दार उघडलंय रे. आम्ही काय जन्माला पुरणार आहोत का? आमच्या मागे वन्संना कोण? तुझी बायको करील त्यांचं?" माझी बायको तेव्हा कुठल्यातरी गावी शाळेत होती, तरी तिचं नाव निघाल्यावर मला घाम फुटला. "आणि तो माणूस बघायला येणार आणि वन्संना काय म्हणून बघणार? तोंडाला रंग फासून, सगळ्या गावासमोर, घोडनवरी घोडनवरी!" आईच्या डोळ्यांत पाणी आलं. त्या क्षणी, पहिल्यांदा, माझ्या डोक्यात तो शब्द आणि आत्या एके ठिकाणी आले. जेवणातल्या त्या वाक्यानंतर जवळजवळ महिन्यानं. मला तिथल्याच पाण्याच्या हंड्यात डोकं घालावंसं वाटलं.

मी आत्याकडे गेलो. ती माडीच्या पायरीवर बसून खरवड खात होती. मी म्हणालो, आत्या, आपण नाटक रद्द करू, मी सांगतो काकांना. तिनं बोट चाटलं आणि म्हणाली, "नाटक होणार. त्यांना म्हणावं, या, नाटक बघा."

"पण तुला ते लग्न..."

"मला लग्न नको असं नाही रे अरुण्या," ती म्हणाली, आणि तिचा आवाज इतका खाली मी कधी ऐकला नव्हता. "हे जमलं तर मला आवडेल. मला पोहे नकोत." मग जरा थांबून, तशाच आवाजात, "दिसायला कसे आहेत म्हणे?"

म्हणजे तिला हवं होतं. आणि ते माझ्या नाटकामुळे मोडणार होतं. मी त्या रात्रीपासून गणपतीला रोज नवस बोलू लागलो की नाटकाच्या दिवशी मांडव कोसळू दे, माणसं वगळून. बाळारामाला म्हणालो, तू आजारी पड. तो म्हणाला, "मी नाय आजारी परत. माजी आय येनार हाय नाटक बगाला, अर्धा गाव घेऊन. टेम्पो केलाय." शेवटी मी बोर्डावरच्या 'घोडनवरी'वर ओला फडका फिरवायला गेलो, तर रंग तेलाचा निघाला, शब्द तसाच राहिला आणि फडका आमच्या घरचा होता हे आईनं ओळखलं.

नाटकाच्या दिवशी आरती आटोपून दिवेलागणीला पडदा वर जायचा होता. मोघे एसटीनं आले. पांढरा शर्ट, बाही कोपरापर्यंत दुमडलेली, हातात डब्याची पिशवी, चेहरा सरळ आणि थकलेला. अण्णांनी त्यांना दुसऱ्या रांगेत आपल्या शेजारी बसवलं. बायकांच्या बाजूला आई अशी बसली होती की जणू पुढे चिता रचलीय. मी विंगेत, प्रॉम्प्टर म्हणून. विंगेतल्या फटीतून मला एक डोळा रंगमंचावर आणि एक मोघ्यांवर ठेवता येत होता, आणि तेवढ्यापुरता माझ्याच नाटकातला तिरळेपणा मला आला होता.

पडदा गेला. आत्या आली. हिरवी नऊवारी, चेहऱ्यावर रंग अगदी बेताचा, आणि तिनं पहिलं वाक्य असं फेकलं की माइकवाल्यानं घाबरून माइकच बंद केला. पहिला हशा. मग बाळाराम काठी टेकत, दाढी सावरत आला आणि माझं वाक्य म्हणाला: "हीच का ती घोडनवरी?" मांडव फुटला. पोरं शिट्ट्या वाजवत होती, रोडपालीची मंडळी एकमेकांच्या पाठीवर थापा मारत होती, आणि जिनं आमच्या तोंडावर दार लोटलं होतं ती बाईसुद्धा पदर तोंडात कोंबून हसत होती. मी मोघ्यांकडे बघितलं. ते हसत नव्हते. त्यांची मान खाली गेली होती.

संपलं, असं मला वाटलं. अपमान झाला माणसाचा. अण्णा समोर बघत होते, पण त्यांचा कान लाल झाला होता. आईनं डोळे मिटून घेतले. आत्यानंही बघितलं असणार, कारण तिच्या वाक्यांत एक क्षणभर खंड पडला. तालमीत कधी न पडलेला. मी पुढचं वाक्य कुजबुजलो. तिनं माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. ती मोघ्यांकडे बघत होती. आणि त्या शांततेत मांडवाच्या मधोमध एक आवाज झाला. पहिल्यांदा बारीक. मग चांगला, लांब, शिट्टीसकट.

मोघे घोरत होते.

बाळाराम नाटक विसरला आणि आपल्या भाषेत म्हणाला, "आयला, कोन घोरतंय रं?" लोक माना वळवायला लागले. अण्णांनी मोघ्यांना कोपर मारायला हात उचलला. तेवढ्यात आत्या पुढे आली, ओठांवर बोट ठेवलं आणि बाळारामाला, म्हणजे आपल्या नवऱ्याला, हळूच म्हणाली, "अहो, हळू बोला. पाहुणे झोपलेत."

हे वाक्य माझ्या वहीत नव्हतं. लोक हसले, पण गंमत म्हणजे तेही तोंडावर हात ठेवून. आणि मग तिनं उरलेलं अख्खं नाटक त्या आवाजात केलं. कुजबुजत. जिचा टॉवेल समोरच्या घरातून यायचा तिनं. मागून कुणी ओरडला, "आवाज!" तर पुढच्या शंभर माणसांनी वळून त्याला "शूऽऽ" केलं. माणसं खुर्च्यांवर पुढे सरकून ऐकत होती. माझे विनोद, जे ओरडून म्हणायचे म्हणून लिहिले होते, ते त्या खालच्या आवाजात काहीतरी वेगळेच झाले. "मी घोडनवरी बरं का," ती बाळारामाला म्हणाली, अशी की जणू आपलं घरातलं नाव सांगतेय, आणि कुणी हसलं नाही. रोडपालीच्या रांगेतून एका म्हातारीचा "चक् चक्" आला तेवढाच. मोझेसकाका पेटीवर बोटं नुसती ठेवून होते, भाता दाबतच नव्हते. मला प्रॉम्प्ट करायला काही उरलं नव्हतं. ती माझं नाटक बोलतच नव्हती फारसं.

शेवटच्या टाळ्यांना मोघे जागे झाले, दचकून उभे राहिले आणि सगळ्यांपेक्षा जोरात टाळ्या वाजवायला लागले.

नंतर आमच्या पडवीत सगळे जमले. आईनं कॉफी केली होती आणि उकडीचे मोदक होते, पण मोदकाला हात कोण लावणार? मोझेसकाका खांबाला टेकून उभे. बाळाराम अर्धी दाढी सोललेल्या अवस्थेत. आत्या रंग पुसून, साडी बदलून, नेहमीच्या चष्म्यात बाहेर आली आणि ट्रे न घेता समोरच्या खुर्चीवर बसली. मोघे उठून उभे राहिले.

"माफ करा," ते म्हणाले. "आजची संध्याकाळ मिळावी म्हणून सलग दोन पाळ्या केल्या. बसलो, आणि..."

"कुठवर बघितलंत?" आत्यानं विचारलं.

"पडदा वर गेला तिथवर."

"मग?"

मोघ्यांनी प्रामाणिकपणे आठवून बघितलं. "पडदा चांगला होता."

आत्याच्या तोंडून एक असा आवाज आला की मला वाटलं ती रडतेय. ती हसत होती. मोघे गोंधळले आणि काहीतरी बोलायचं म्हणून त्यांनी विचारलं, "नाव काय होतं नाटकाचं?" आई तिथेच थिजली. लेखकाचं कर्तव्य म्हणून मी म्हणालो, "घोडनवरी."

"अरे!" मोघे एकदम खुलले. "आमच्या आईला म्हणायचे की तसं. सोळाव्या वर्षी लग्न झालं तिचं. त्या काळी सोळा म्हणजे फार उशीर. सासरी आल्यावर बायका बोलल्या असतील नसतील, पण वडील मात्र तिला कायम तशीच हाक मारायचे, लाडानं. अगं घोडनवरी, चहा ठेव. ती गेल्यावर घरात तो शब्द कुणी म्हटला नाही." एवढं बोलून ते पुन्हा लाजले आणि कपातल्या कॉफीकडे बघत बसले.

आत्या उठली आणि आत गेली. आई तिच्या मागोमाग. स्वयंपाकघरात आईनं हलक्या आवाजात काय विचारलं ते आम्हाला कळलं नाही. पण आत्यानं दिलेलं उत्तर पडवीला, आणि बहुधा मोझेसकाकांच्या घरालाही, स्पष्ट ऐकू आलं. खालच्या आवाजाचा तिचा साठा त्या संध्याकाळपुरता संपला होता.

"हो सांग, वहिनी! आजवर जो आला तो टक लावून बघत बसला. या माणसाला मी तासभर नीट बघितलं. झोपेतसुद्धा तोंड वाईट नाही."

अण्णांनी चष्मा काढून धोतराच्या सोग्यानं पुसला, पुन्हा लावला, पुन्हा काढला. मोघे उभे राहिले, दाराकडे तोंड करून, जसं माणूस एसटीच्या कंडक्टरला सांगतो तसं मोठ्यानं म्हणाले, "माझंही हो आहे!" आणि लगेच खाली बसले. आई पदरानं डोळे पुसत बाहेर आली आणि तिनं सर्वांत मोठा मोदक त्यांच्या ताटलीत वाढला, वर तुपाची धार धरली ती थांबवायला विसरली.

मलाही भरून आलं होतं. आणि मला भरून आलं की मी काहीतरी करतो, हा माझा जुना रोग. एवढ्या चांगल्या माणसानं माझं नाटक बघितलंच नाही, आता हे घरचेच होणार, हे मनात आलं आणि मी विंगेतून आणलेली वही उघडली. "मोघेकाका," मी म्हणालो, "तुमची गाडी यायला अजून वेळ आहे. मी सुरुवातीपासून वाचून दाखवू का?"

मोघे भले गृहस्थ, त्यांनी कप खाली ठेवून मान हलवायला सुरुवातही केली होती. पण बाळारामानं, उरलेली अर्धी दाढी तशीच गालावर लोंबत असताना, माझ्या हातातली वही ओढून घेतली आणि बुडाखाली घालून तिच्यावर बसला.

"गप रं," तो म्हणाला. "तो मानूस झोपला म्हनून जमला. जागेपनी आयकवलास तं मोरंल."